संतोषाधिक्याचा हिशेब

२०१० साली आम्ही दिल्लीतील सरकारी वसाहतीत राहावयास आलो, तेव्हा आईची एकच मागणी होती : घरात मराठी वाहिनी दिसावी. गच्चीवर छत्री बसविण्यास मनाई होती आणि केबलवाल्याने हात जोडले. एका घरासाठी एक वाहिनी त्याला परवडत नव्हती. अर्थशास्त्राचा विद्यार्थी या नात्याने मला त्याचे म्हणणे खोडता येईना. ॲनालॉग तारेतून सुमारे ८० ते १०० वाहिन्या जात. ती मर्यादित जागा मिळावी म्हणून वाहिन्याच केबलचालकांना पैसे मोजत. ज्या भाषेचे प्रेक्षक थोडे, तिच्यासाठी कोण मोजणार?

आई मग शेजारच्या बंगाली माशीमांकडे हिंदी मालिका पाहू लागली. दोघींचे हिंदी सारखेच मोडके. निम्मी गोष्ट पडद्यावर कळे, निम्मी एकमेकींना समजावताना.

२०११ च्या कायदादुरुस्तीने केबलचे डिजिटलीकरण सक्तीचे झाले. दिल्लीसाठी ३१ ऑक्टोबर २०१२ ही मुदत होती. त्यामागचा एक मोठा हेतू हिशेबाचा होता. केबलचालक ग्राहकसंख्या कमी दाखवीत. त्यामुळे वाहिन्यांचे उत्पन्न बुडे आणि सरकारचा करही. सेट-टॉप बॉक्समुळे प्रत्येक घर मोजता येऊ लागले. शिवाय त्याच तारेतून शेकडो वाहिन्या जाऊ लागल्या आणि एका घराची भाषाही परवडू लागली.

आईला मराठी मिळाली, माशीमांना बांगला. दोघी हरखून गेल्या. हळूहळू संध्याकाळचे येणे-जाणे थांबले. भांडण काहीच नव्हते. दोन मालिकांची वेळ एक होती, एवढेच.

पुढे २०१९ पासून हव्या त्या वाहिनीचेच पैसे भरण्याची सोय झाली. आता तर मोबाइलमुळे एकाच घरात चार माणसे चार पडदे पाहतात. मार्शलने सांगितलेले उपभोक्त्याचे संतोषाधिक्य यात निश्चित वाढले आहे, आणि अल्पसंख्य भाषिकांना मिळालेला न्याय मला मोलाचा वाटतो. मात्र टंचाईने जुळवून आणलेली सोबत कोणत्याही नस्तीत नोंदलेली नव्हती. त्यामुळे ती गेल्याचेही कुठे नोंदले गेले नाही.

एकदा मी आईला विचारले, "मराठी बंद करून टाकू का?"

"काहीतरीच काय!" ती म्हणाली. "रविवारी त्यांना चहाला बोलाव."

बोलावले. त्या दिवशी टीव्ही लावायचे कोणालाच सुचले नाही.