शिकार कुणाची, गुन्हा कुणाचा

वन्यजीव सप्ताहात कागल पंचतारांकित एमआयडीसीतल्या कारखान्यांतून मला कायद्यावर बोलायला बोलावणं येतं. पहिली पाळी सुटली की कँटीनमध्ये खुर्च्या मांडतात, सेफ्टी ऑफिसर माईक हातात देतात आणि मी वन्यजीव संरक्षण अधिनियम, 1972 सांगायला लागते. समोर बसलेले बहुतेक कसबा सांगाव, तळंदगे, हुपरी, पट्टणकोडोलीचे. घरी दोन-चार एकर ऊस, इथं पाळीची नोकरी. ते मन लावून ऐकतात आणि शेवटी कुणीतरी विचारतंच, ‘‘मॅडम, राजानं मारलं की शिकार, आन् आम्ही मारलं की गुन्हा व्हय?’’

बाकीचे हसतात. मला हसू येत नाही, कारण प्राण्यांच्या कायद्याचा सगळा इतिहास या प्रश्नाभोवती फिरत आला आहे. हाच प्रश्न 1800 साली लंडनच्या संसदेत विचारला गेला होता. तेव्हा इंग्लंडच्या गावोगावी बैलावर कुत्री सोडण्याचा खेळ चाले. बैलाला दोरानं खुंट्याला बांधायचं आणि त्याच्या नाकपुडीला लोंबकळणारी खास जातीची कुत्री त्याच्यावर सोडायची. भोवती पैजा लागत. सर विल्यम पल्टनी यांनी हा खेळ बंद करणारं विधेयक मांडलं. विरोधाला उभे राहिले विल्यम विंडहॅम. त्यांच्या म्हणण्याचा मथितार्थ असा, की उमराव घोड्यावर बसून दिवसभर कोल्ह्यामागे कुत्री पळवतात ते तुम्हाला चालतं. मग गरिबाच्या एका खेळावरच तुमची दया का उतू जाते? विधेयक दोन मतांनी पडलं.

विंडहॅम यांना कोल्ह्याची काळजी नव्हती, त्यांना बैलाचा खेळ वाचवायचा होता. पण त्यांनी दाखवलेली विसंगती खरी होती, आणि पुढचे कायदे अगदी त्याच वाटेनं गेले. 1822 मध्ये रिचर्ड मार्टिन यांनी गुराढोरांना क्रूर वागणूक देण्याविरुद्धचा कायदा संमत करून घेतला. 1824 मध्ये लंडनच्या एका कॉफीगृहात प्राण्यांवरील क्रौर्य रोखणारी संस्था स्थापन झाली. पुढे राणी व्हिक्टोरियाच्या आश्रयामुळे तिच्या नावामागे ‘रॉयल’ लागलं. 1835 च्या कायद्यानं बैलावर कुत्री सोडणं आणि कोंबड्यांच्या झुंजी बंद झाल्या. गाडीवान, खाटीक, कोंबडेवाले कायद्याच्या कक्षेत आले. कोल्हा, हरीण, ससा मात्र बाहेर राहिले, कारण ते कुणाच्या मालकीचे नव्हते आणि त्यांच्यामागे धावणारे लोक संसदेत बसत होते.

तोच साचा आपल्याकडे आला. मुंबईत 1874 मध्ये अशी संस्था निघाली आणि 1890 मध्ये हिंदुस्थानभर लागू होणारा कायदा झाला. त्यातही संरक्षण होतं ते फक्त पाळीव किंवा पकडून ठेवलेल्या जनावराला. या कायद्यात सापडणार कोण, तर सोललेल्या खांद्याचा बैल जुंपणारा आणि लंगडा घोडा हाकणारा. रानातल्या जनावराला या कायद्यात जागाच नव्हती. शिकार हा साहेबाचा आणि संस्थानिकाचा मान होता. व्हाइसरॉय यायचे म्हणजे आधी जंगलाची तयारी व्हायची.

कोल्हापूर त्याला अपवाद नव्हतं. कागलच्या घाटगे घराण्यात जन्मलेले आणि 1884 मध्ये दत्तक जाऊन छत्रपती झालेले शाहू महाराज जातिवंत शिकारी होते. आपल्याकडे महाराजांचं चरित्र सांगताना शिकारीचा भाग एकतर कौतुकानं रंगवतात किंवा संकोचून गाळतात. मला दोन्ही पटत नाही. तो काळ होता तसा पाहिला तरच पुढचं कळतं.

संस्थानातल्या माळांवर चित्त्याकडून काळवीट धरायची शिकार चाले. चित्त्याच्या डोळ्यांवर टोपडं चढवून त्याला बैलगाडीवर बसवत. काळवीट माणसाला बुजतं, पण रोजच्या बैलगाडीला बुजत नाही. गाडी वळसे घेत घेत कळपाच्या टप्प्यात आणायची, एखादा काळा नर हेरायचा आणि टोपडं उतरवून दोर सोडायचा. पुढचा खेळ काही सेकंदांचा. चित्त्यानं नरडं धरलं की चित्तेवान धावत जाई, काळविटाचं रक्त पळीत घेऊन चित्त्याच्या तोंडाशी धरी आणि त्याचं लक्ष तिकडं वळताच टोपडं पुन्हा चढवी. हे कसब पिढ्यान्‌पिढ्या जपलेलं होतं, त्यात शंका नाही. पण कैदेत चित्त्याची वीण जवळजवळ होतच नसे. म्हणून शिकारीचा प्रत्येक चित्ता रानातूनच धरावा लागे, आणि धरता धरता रान रिकामं झालं. पुढे शाहू महाराजांचे चिरंजीव राजाराम महाराज यांच्या काळात कोल्हापूरला चित्ते आफ्रिकेहून आणावे लागले, ते याच कारणानं. भारतातले अखेरचे तीन चित्ते 1947 च्या सुमारास कोरिया संस्थानाच्या राजानं मारले असं मानतात. 1952 मध्ये चित्ता देशातून नामशेष झाल्याचं जाहीर झालं.

शिकारीनं राजवाड्यालाही सोडलं नाही. जून 1918 मध्ये शाहू महाराजांचे धाकटे चिरंजीव शिवाजी रानडुकराचा पाठलाग करताना घोड्यावरून पडून गेले. मागे राहिलेल्या कोवळ्या वयाच्या सुनेला, इंदुमतीदेवींना, महाराजांनी विरोध पत्करून शिकवलं.

त्याच 1918 साली महाराजांनी संस्थानातली हजेरी बंद केली. हजेरी म्हणजे इंग्रजांनी किंवा गावगाड्यानं गुन्हेगार ठरवलेल्या जातींतल्या माणसांनी रोज पाटलासमोर जाऊन आपण गावात असल्याचं दाखवणं. इंग्रजांचा गुन्हेगार जमातींचा कायदा 1871 चा. फासेपारध्यांसारख्या, फासे आणि वाघर लावून तितर-ससे धरून जगणाऱ्या जमाती अशा कायद्यांनी जन्मतःच आरोपी झाल्या. म्हणजे एकाच रानात दोन शिकारी: एक बंदूक घेऊन हत्तीवरून येणारा, त्याच्यासाठी हाकारे, दुसरा अनवाणी, त्याच्यासाठी पोलीस. महाराजांनी या पारध्यांना जवळ बोलावलं, नोकऱ्या दिल्या, राहायला जागा दिली. स्वतः शिकारी असलेल्या राजाला पारधी चोर वाटला नाही, ही त्या काळात फार मोठी गोष्ट होती. हा देशव्यापी कायदा रद्द व्हायला 1952 उजाडलं, आणि संशय तर आजही गेलेला नाही.

विलायतेत दरम्यान काही माणसांनी विंडहॅम यांनी दाखवलेली ती विसंगती मनावर घेतली. हेन्री सॉल्ट हे ईटन शाळेतले शिक्षक. उमरावांच्या मुलांना शिकवून, त्यांची ससेशिकार जवळून पाहून ते बाहेर पडले. गांधीजींना शाकाहार बुद्धीनं पटला तो याच सॉल्ट यांच्या पुस्तकामुळे. 1891 मध्ये त्यांनी आणि त्यांच्या मित्रांनी ह्युमॅनिटेरियन लीग काढली. तुरुंगातले फटके, फाशी आणि शिकार या तिन्हींविरुद्ध एकत्र बोलणारी ही संघटना होती, आणि मला तिचं मोल त्यासाठीच वाटतं. तिनं पहिलं लक्ष्य निवडलं ते थेट राजघराणं. राजघराण्याच्या पदरी हरणशिकारीच्या कुत्र्यांचा ताफा होता. त्या शिकारीचं हरीण पाळलेलं असे. गाडीत घालून आणायचं, माळावर सोडायचं, मागे कुत्री लावायची आणि दमून उभं राहिलं की धरून परत गाडीत भरायचं, पुढच्या खेपेसाठी. दहा वर्षं ही मंडळी अर्ज, पत्रकं, वर्तमानपत्रं यांतून मागे लागली. 1901 मध्ये तो ताफा मोडला गेला.

कोल्ह्याचं काम मात्र चिवट निघालं. ‘रॉयल’ संस्थेचे अनेक आश्रयदाते स्वतःच शिकारी, त्यामुळे ती गप्प. त्याला कंटाळून हेन्री एमस आणि अर्नेस्ट बेल यांनी 1924 मध्ये शिकारविरोधी स्वतंत्र लीग काढली. 1949 मध्ये संसदेत विधेयकं आली आणि बारगळली. 1963 मध्ये डेव्हन परगण्यातल्या काही तरुणांनी अर्ज-विनंत्या सोडून दिल्या आणि नाताळच्या दुसऱ्या दिवशी शिकार निघायच्या आधीच कुत्र्यांना पोटभर मांस चारलं. धाप लागेपर्यंत जेवलेली कुत्री कोल्ह्यामागे काय धावणार! पुढं चुकीच्या दिशेनं शिंग फुंकणं, वास मारणारे फवारे उडवणं असे मार्ग निघाले. अखेर स्कॉटलंडमध्ये 2002 मध्ये आणि इंग्लंड-वेल्समध्ये 2004 मध्ये कुत्र्यांकरवी शिकार बंद करणारे कायदे झाले. इंग्लंडमध्ये उमरावांच्या सभागृहानं अडवून धरलं, तेव्हा त्यांची संमती बाजूला ठेवण्याची तरतूद वापरावी लागली. बैलापासून कोल्ह्यापर्यंत, मळ्यापासून हवेलीपर्यंत पोचायला कायद्याला 182 वर्षं लागली. आजही तिथं नुसत्या वासाच्या मागावर कुत्री पळवतो असं सांगून कोल्हे मारल्याच्या तक्रारी होतात.

आपल्याकडे हवेलीची शिकार थांबवायला अशी चळवळ झाली नाही. संस्थानं विलीन झाली, तनखे गेले आणि 1972 चा कायदा आला. 1991 च्या दुरुस्तीनं परवान्याची शिकारही संपली. छत्रपतींचं राखीव शिकारीचं रान होतं त्या दाजीपूरला 1958 मध्ये गव्यांचं अभयारण्य झालं, राज्यातलं पहिलं. आज राधानगरी अभयारण्य 351 चौरस किलोमीटरचं आहे. लढाई न करता मिळालेल्या कायद्याची एक अडचण असते: तो लोकांना आपला वाटत नाही. कँटीनमधला प्रश्न तिथून येतो.

जुलै 2025 मध्ये नांदणी मठाची महादेवी हत्तीण न्यायालयाच्या आदेशानं जामनगरला नेली, तेव्हा सारा जिल्हा पेटून उठला. नांदणीहून कोल्हापूरपर्यंत लोक मूक पदयात्रेत चालले. कँटीनमध्ये त्या वर्षी दुसरा विषयच नव्हता. हत्ती हे कळपानं राहणारं जनावर, साखळीत एकटं ठेवणं त्याला सोसत नाही, हे माझं मत मी तिथंही लपवलं नाही. पण ‘आमचाच हत्ती का?’ असं विचारणाऱ्या बायाबापड्यांना अडाणी ठरवणारे लेख वाचून मला राग आला. ज्यांचं पोर घरातून न्यावं तसं काळीज तुटलं, त्यांना आधी विचारात घ्यायला हवं होतं.

आता एमआयडीसीच्या कुंपणाकडे येऊ. एका भूखंडाच्या मागे ऊस लागतो, त्या बांधावर फासे सापडतात. मोटारसायकलच्या क्लचची जुनी तार, एका टोकाला सरकती गाठ, दुसरं टोक बाभळीच्या खुंटाला, जमिनीपासून वीतभर उंच. रानडुकरासाठी लावलेला फास. त्यात ससा अडकतो, मुंगूस अडकतं, घोरपड अडकते. तार ओढावी तितकी रुतते. सुटकेसाठी धडपडलेल्या जनावराच्या कातड्याखाली ती जाऊन बसलेली असते. ऊस खाणाऱ्या डुकरानं शेतकरी नागवला जातो हे खरं, आणि पंचनाम्याची भरपाई वेळेवर मिळाली तर निम्मे फास आपोआप निघतील. घोरपडीचं मात्र वेगळं आहे. ती कुणाच्या उसाला तोंड लावत नाही. ती मारली जाते, कारण तिच्या मांसानं कंबर बळकट होते आणि तेलानं सांधे मोकळे होतात, असं मोटारीतून येणाऱ्या गिऱ्हाइकाला वाटतं. वैद्यकाला त्याचा पुरावा नाही.

माझ्यासमोर असे खटले येतात. घोरपड अनुसूची एकमध्ये, म्हणजे किमान तीन वर्षं, कमाल सात, आणि दंड पंचवीस हजारांहून कमी नाही. आरोपीच्या पिंजऱ्यात उभा असतो तो पारध्याचा पोर नाहीतर हंगामी मजूर. मुद्देमालात तार, पोतं, मोबाइल. त्याच मोबाइलमध्ये गिऱ्हाइकाचा नंबर असतो, बोलणं असतं, पैसे पाठवल्याची नोंद असते. मारलेला वन्यप्राणी सरकारी मालमत्ता ठरतो, तो जवळ बाळगणं आणि विकत घेणं हाही गुन्हा आहे. कायद्यात वाट मोकळी आहे. तरी तक्रारीत गिऱ्हाइकाचं नाव क्वचितच येतं.

कँटीनमध्ये त्या प्रश्नाला मी आता सरळ उत्तर देते. राजानं मारलं तेव्हाही जीवच गेला होता. कायदा तेव्हा नव्हता, आता आहे, आणि तो तुमच्याइतकाच तुमच्याकडून घोरपड मागवणाऱ्याला लागू आहे. अशी मागणी आली तर नंबर ठेवा, 1926 या वन विभागाच्या क्रमांकावर कळवा. आणि वनरक्षकांना माझी विनंती असते, की पंचनाम्यात मोबाइल जप्त केलात तर तो उघडून बघण्याची परवानगीही त्याच आठवड्यात मागा, कारण तेवढ्यावर खटला एका मजुरापाशी थांबतो की पुढं जातो ते ठरतं.