अग्नी राखणाऱ्याचे नाव

इंग्रजी भाषेतून आपल्याकडे आलेल्या ‘फायरमन’ या शब्दाविषयी मला पुष्कळ दिवसांपासून कुतूहल आहे. या एकाच शब्दाला परस्परांच्या अगदी विरुद्ध असे दोन अर्थ आहेत. वाफेच्या इंजिनाच्या भट्टीत फावड्याने कोळसा घालून अग्नी सतत प्रज्वलित ठेवणारा तो फायरमन. आणि कोठे आग लागली असता घंटा वाजवीत धावून येणारा व ती विझविणारा, तोही फायरमनच. एकाने अग्नी मरू द्यावयाचा नाही, दुसऱ्याने तो जगू द्यावयाचा नाही. तरी दोघांचे नाव मात्र एक.

मराठीला या गोष्टीचे नवल वाटू नये, कारण तिच्याही घरात असाच एक शब्द नांदत आहे. पूर्वी घरोघरी न्हाणीघरात तांब्याचा बंब असे. पहाटे त्यात गोवऱ्या आणि ढलप्या घालून विस्तव पेटवीत आणि साऱ्या घराच्या स्नानाचे पाणी तापवीत. पण बाजारात आग लागली म्हणजे लोक ओरडत, ‘बंब बोलवा!’ तो बंब आग विझविणारा. मूळ पोर्तुगीज शब्दाचा अर्थ पाणी खेचण्याचा पंप एवढाच. पाण्याच्या त्या यंत्राचे नाव एकीकडे पाणी तापविणाऱ्या भांड्याला मिळाले, तर दुसरीकडे पाण्याचा मारा करणाऱ्या गाडीला मिळाले.

अग्नी सांभाळणाऱ्यांच्या नावांचा असा प्रवास मोठा मनोरंजक आहे. आपल्या वडीलधाऱ्या मंडळींच्या तोंडी मोटार चालविणाऱ्यासाठी ‘शोफर’ हा शब्द असे. मूळ फ्रेंच भाषेत त्याचा अर्थ ‘तापविणारा’, म्हणजे भट्टीत इंधन घालणारा. आरंभीच्या काही मोटारी वाफेवर चालत. त्यांची भट्टी आधी पेटवून तापवावी लागे. पुढे भट्टी गेली, पेट्रोल आले. पण तापविणारा हे नाव सुकाणूपाशी बसून राहिले. मुंबई बंदरातून सुटणाऱ्या आगबोटींवरही खलाशांची स्वतंत्र बोली होती. तीत इंजिनाच्या भट्टीशी उभा राहणारा तो ‘आगवाला’ आणि त्याला कोळसा ओढून देणारा तो ‘कोयलावाला’. बोटीच्या तळाशी, जेथे सूर्याचा किरण पोहोचत नसे, तेथे या माणसांचे आयुष्य जाई. वरच्या मजल्यावरील उतारूंना त्यांचे तोंडही दिसत नसे.

याच्या उलट, काही समाजांत अग्नी राखणाऱ्याला सर्वांत वरचे आसन मिळाले. वैदिक परंपरेत गार्हपत्य, आहवनीय आणि दक्षिण असे तीन अग्नी सांभाळणारा तो अग्निहोत्री. ते आडनाव आजही चालू आहे. आपले व्यापारातले जुने शेजारी पारशी बंधू. त्यांच्या उदवाड्याच्या आतशबेहराममध्ये पवित्र अग्नी अखंड तेवत ठेवला जातो आणि दिवसाच्या पाच प्रहरांत पाच वेळा धर्मगुरू त्याला चंदनकाष्ठ अर्पण करतात. अग्नीला इंधन देण्याचे काम तेच. पण करणारा एका ठिकाणी धर्मगुरू, तर दुसऱ्या ठिकाणी आगवाला.

आमचे कुटुंब भुसार मालाच्या व्यापारातले. दौंड-मनमाड लोहमार्गावरील एका गावी आजोबांचे दुकान होते. त्यांना आम्ही सर्व जण बाबूजी म्हणत असू. त्यांच्या जुन्या खातेवह्या अजून आमच्या माळ्यावर आहेत. त्यांत उधारीच्या खात्यांवर नावापुढे धंदा लिहिण्याची पद्धत होती : अमुक गाडीवान, अमुक तेली, अमुक मास्तर, अमुक फायरमन. हा फायरमन रेल्वेचा. ज्वारी, गूळ, हरभऱ्याची डाळ अशी त्याची महिन्याची नोंद असे आणि पगाराच्या दुसऱ्या दिवशी जमा. बाबूजी म्हणत, ‘‘फायरमनची उधारी बुडत नाही. ज्याला पाण्याची आणि आगीची मोजदाद ठेवावी लागते, तो पैशाची मोजदाद चुकत नाही.’’ इंजिनाचे काम पाहिलेल्यांना या बोलण्यातील मर्म कळेल. भट्टीत कोळसा एकदम ओतून चालत नसे. थोडा थोडा, वारंवार आणि सर्वत्र सारखा पसरावा लागे. धुराचा रंग पाहून भट्टीची प्रकृती ओळखावी लागे आणि बॉयलरमधील पाण्याची पातळी काचेच्या नळीत सतत न्याहाळावी लागे. पाणी फार उतरले तर स्फोटाचे भय, वाफ कमी पडली तर चढावर गाडी उभी. चित्तरंजनच्या कारखान्याने वाफेची इंजिने बांधणे १९७२ मध्ये थांबविले. पुढे रुळांवरून ती इंजिने गेली आणि त्यांच्याबरोबर या अर्थाचा फायरमनही गेला. आपल्या समाजातील काही घराण्यांच्या जिनिंग-प्रेसिंगच्या कारखान्यांत आणि तेलाच्या गिरण्यांत मात्र बॉयलरपाशी तो पुढेही बराच काळ उभा होता. हजेरीपटावर त्याचे नाव तेच, फायरमन.

आता आपल्या परंपरेकडे वळू. जैन दर्शनाने अग्नीला देव म्हटले नाही आणि निर्जीव वस्तूही मानले नाही. तो जीव आहे, तेजस्काय आहे. साधु-साध्वींनी अग्नी पेटवावयाचा नाही, ढोसावयाचा नाही आणि विझवावयाचाही नाही. दशवैकालिक सूत्राच्या चौथ्या अध्ययनात अग्नीचे प्रकार नावानिशी वेगळे केले आहेत : इंगाल म्हणजे धगधगता निखारा, मुम्मुर म्हणजे राखेत दडलेल्या ठिणग्या, अच्चि म्हणजे मूळ अग्नीपासून सुटलेली ज्योत, जाला म्हणजे अग्नीला जोडून असलेली ज्वाला, आणि असेच आणखी काही. ज्यांनी अग्नीला हातही लावावयाचा नाही, त्यांच्या ग्रंथात अग्नीची इतकी बारीक ओळख असावी, हे मला फार अर्थपूर्ण वाटते. ज्याला कोणाला दुखवावयाचे नसते, त्याला समोर कोण आहे हे आधी नीट पाहावे लागते. आपल्या मराठीतील ‘इंगळ’ हा शब्द त्याच ‘इंगाल’चा वारस आहे.

श्रावकाला मात्र चूल पेटवावी लागते. म्हणून त्याच्यासाठी मर्यादा घातली ती उपजीविकेची. सातव्या व्रताच्या अतिचारांत जी पंधरा कर्मादाने येतात, त्यांतील पहिलेच इंगालकर्म आणि तेरावे दवाग्निदापन, म्हणजे वनाला आग लावणे. आचार्य हेमचंद्रांनी योगशास्त्रात अंगारजीविकेचे विवरण करताना कोळसे पाडणारा, भडभुंजा, कुंभार, लोहार, सोनार, विटा भाजणारा अशांची कामे मोजली आहेत. प्रतिक्रमणात ही नावे आपण वर्षानुवर्षे म्हणतो. आपले पूर्वज धान्याच्या, कापडाच्या आणि सावकारीच्या धंद्याकडे वळले, त्यामागे या यादीचाही हात होता असे जाणकार मंडळी सांगतात.

हे सारे मी विस्ताराने लिहितो याचे कारण आमच्या घरातच हा प्रश्न उभा राहिला. माझ्या धाकट्या भावाचा मुलगा पदवीधर झाला. दुकानात बसेल अशी सर्वांची समजूत होती. त्याने सहा महिन्यांचा अग्निशामकाचा प्रशिक्षण अभ्यासक्रम पूर्ण केला आणि एका नगरपालिकेच्या अग्निशमन दलात त्याची निवड झाली. घरात जणू वीज पडली. आमचे काकाजी ऐंशीच्या पुढचे. नित्य सामायिक करणारे. ते म्हणाले, ‘‘बेटा, आपल्या घरात दिवा फुंकून विझवीत नाहीत. तू तर आयुष्यभर अग्निकायाची विराधना करण्याची नोकरी पत्करलीस.’’ त्याच्या आईचे दुःख वेगळे होते. तिला तेजस्कायापेक्षा आपल्या मुलाच्या कायेची चिंता होती. जेवणाच्या वेळी ती त्याच्या ताटात वाढी. पण त्याच्याशी बोलत नसे.

मुलगा नम्र, पण ठाम. तो काकाजींच्या पायांशी बसून म्हणाला, ‘‘दादाजी, आग मी लावणार नाही. लोकांनी लावलेली किंवा लागलेली विझविणार. आत माणसे असतील, गोठ्यात गुरे असतील, झाडावर घरटी असतील. बाहेर उभे राहून मी नवकार म्हणत बसू का?’’ काकाजींनी उत्तर दिले नाही. दुसऱ्या दिवशी गावात चातुर्मासासाठी विराजमान असलेल्या महाराजसाहेबांकडे त्याला घेऊन गेले. मीही बरोबर होतो.

महाराजसाहेबांनी भगवतीसूत्राच्या सातव्या शतकातील कालोदायीचा प्रश्न सांगितला. तो आपल्यापैकी अनेकांनी व्याख्यानात ऐकला असेल. कालोदायी भगवान महावीरांना विचारतो : दोन पुरुष आहेत, एक अग्नी पेटवितो आणि दुसरा विझवितो, तर अधिक कर्मबंध कोणाला? भगवंतांचे उत्तर असे की, पेटविणारा महाकर्माचा धनी होतो आणि विझविणारा अल्पकर्माचा. कारण पेटविणाऱ्याच्या हातून पृथ्वी, पाणी, वायू, वनस्पती आणि त्रसकाय यांच्या पुष्कळ जीवांची हानी होते, अग्निकायाची मात्र थोडी. विझविणाऱ्याच्या हातून अग्निकायाची हानी अधिक, पण इतर जीवांची थोडी. हे सांगून महाराजसाहेब थांबले. मग एवढेच म्हणाले, ‘‘अल्प म्हटले आहे, शून्य म्हटलेले नाही. तेवढे ध्यानात ठेवा.’’ नोकरी कर किंवा करू नको, असे त्यांनी सांगितले नाही; साधूने सांगावयाचे ते नव्हतेच.

परतताना काकाजी बराच वेळ मुकाट्याने चालत होते. मग मला म्हणाले, ‘‘तुझ्या बाबूजींच्या खात्यावर फायरमन होता, आठवते ना? तो पेटविणारा. हा विझविणारा. नाव एकच दिसते; पण शास्त्राने दोघांचा हिशेब वेगळा मांडला आहे.’’ व्यापाऱ्याच्या मनाला हिशेबाची भाषा लवकर पटते. त्या दिवसापासून त्यांचा विरोध मावळला. विराधना शून्य नाही, हे ध्यानात ठेवून मुलाने रोज प्रतिक्रमण करावे, एवढेच त्यांनी मागितले.

तथापि घरचा तंटा मिटला तरी समाजाचा उरतोच. विवाहासाठी मुलाचा परिचयपत्रक करण्याची वेळ आली आणि घरात मराठी बरे लिहितो म्हणून ते काम माझ्याकडे आले. सोयरीक जुळविणाऱ्या एका गृहस्थांनी प्रेमाने सल्ला दिला, ‘‘फायरमन लिहू नका. ‘शासकीय सेवेत’ असे लिहा. मुलीकडचे पहिल्याच ओळीवर पत्रक बाजूला ठेवतील.’’ त्यांचा हेतू चांगला होता. मी मुलाला विचारले. तो म्हणाला, ‘‘काका, जे घर या शब्दाला घाबरेल, ती मुलगी रात्री दोन वाजता घंटा वाजल्यावर काय करील?’’

या शब्दाची लाज आपण व्यापाऱ्यांनी तरी बाळगू नये. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकीन’ नावाची बोट पेटली. तिच्या पोटात स्फोटके होती, कापसाच्या गाठी होत्या, सोन्याच्या विटा होत्या. दुपारी चारच्या सुमारास पहिला स्फोट झाला आणि अर्ध्या तासाच्या आत दुसरा. गोदी आणि तिच्यालगतची वखारींची वस्ती उद्ध्वस्त झाली. आग विझविण्यास गेलेले ६६ जवान त्यात मरण पावले. त्यांच्या स्मरणार्थ आजही १४ एप्रिलला देशभर अग्निशमन सेवा दिन पाळतात आणि त्या दिवसापासून सप्ताह साजरा होतो. ज्या मालाच्या रक्षणासाठी हे लोक धावले तो व्यापाऱ्यांचा माल होता. आपल्या गोदामाचे कुलूप, विम्याचा कागद आणि मुनीमाची नजर यांच्यापलीकडे आपला आणखी एक रक्षक असतो, त्याचे नाव आपण क्वचितच उच्चारतो.

परिचयपत्रकात मी स्वच्छ लिहिले : ‘व्यवसाय : अग्निशामक.’ दोन ठिकाणांहून पत्रक परत आले. एका ठिकाणी बोलणी चालू आहेत. त्या मुलीच्या वडिलांचे कापडाचे दुकान आहे. त्यांनी पहिल्याच भेटीत सोयरिकीचे बोलण्याआधी मुलाला दुकानाची वायरिंग दाखविली आणि मागच्या जिन्यात ठेवलेल्या गाठी हलवाव्यात का, असे विचारले. मुलाने ‘‘आजच हलवा’’ असे सांगितले. त्यांनी त्या खरोखरीच त्याच दिवशी हलविल्या, असे नंतर कळले. त्याच्या आईने ही हकिगत ऐकली आणि त्या रात्री वाढताना ती त्याच्याशी पहिल्यांदा मोकळेपणाने बोलली.

आपल्या धर्माने हिशेबाचे तीन रकाने सांगितले आहेत : स्वतः केलेले, दुसऱ्याकडून करविलेले आणि केल्यास संमती दिलेले. आपण निखाऱ्याला हात लावला नाही, तरी आपल्यासाठी कोणी ना कोणी लावलेला असतोच. सूर्यास्तापूर्वी साधर्मिक वात्सल्याची पंगत उठावी म्हणून भर दुपारी भट्टीपाशी उभा राहणारा आचारी, आपल्या गिरणीतील बॉयलर सांभाळणारा, आपल्या सोन्याला डाग देणारा सोनार आणि मध्यरात्री आपल्या गल्लीत शिरणारा बंबवाला, ही सर्व माणसे आपल्या दुसऱ्या आणि तिसऱ्या रकान्यात आहेत. पुढील सांवत्सरिक प्रतिक्रमणात ‘मिच्छा मि दुक्कडं’ म्हणताना तेजस्कायाच्या जीवांबरोबर या माणसांचेही स्मरण व्हावे, आणि शक्य असेल तेथे त्यांच्या मजुरीत, त्यांच्या विम्यात आणि त्यांना हाक मारण्याच्या आपल्या सुरात ते स्मरण उतरावे, एवढीच नम्र अपेक्षा.