चार रकान्यांची वही

योहानाच्या शुभवर्तमानाचा चौथा अध्याय आमच्या वटार गावात वाचायला घेतला की विहीर म्हणजे काय हे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. वाड्यांतून विहिरी आहेत, बावखलं म्हणजे पाण्याची तळी आहेत. कुठल्या विहिरीचं पाणी मे महिन्यात मचूळ होतं आणि कुठलीचं शेवटपर्यंत गोड राहतं, हे घराघरातल्या बायकांना ठाऊक आहे. शोमरोनी बाई भर दुपारी पाणी भरायला येते, वाटेवर थकून बसलेला येशू तिच्याकडे पाणी मागतो, ती त्याला म्हणते की तुझ्याकडे पाणी काढायला काही नाही. या ‘काही’ला ग्रीकमध्ये एक नेमका शब्द आहे, आन्त्लेमा. इंग्रजी भाषांतरांना तिथे तीन-चार शब्दांचा वळसा घालावा लागतो. माझ्या वहीत मराठीच्या रकान्यात मी एकच शब्द लिहिला: पोहरा.

मी बायबलचा अभ्यासवर्ग घेतो. त्यासाठी वचनागणिक चार रकाने आखतो. पहिल्यात मूळ हिब्रू किंवा ग्रीक शब्द, दुसऱ्यात त्याचं व्याकरण, तिसऱ्यात दोन-तीन इंग्रजी भाषांतरांनी त्याचं काय केलं ते, आणि चौथ्यात मराठी. हे भाषांतर मिस्सात वाचायचं नसतं, छापायचंही नसतं. वाक्य ओबडधोबड राहिलं तरी चालतं. पण भाषांतर करणाऱ्याने कुठे स्वतःच्या मनाने काही ठरवलं, ते त्यात दिसलं पाहिजे. उपासनेसाठीचं भाषांतर सांधे बुजवतं, कारण ते ऐकायचं असतं. अभ्यासाच्या भाषांतराने सांधे उघडे ठेवायचे असतात. माझा सगळा खटाटोप या एका गोष्टीसाठी आहे.

विहिरीकडे परत जातो. या प्रसंगात पाण्याच्या जागेला ग्रीकमध्ये दोन शब्द आहेत. सहाव्या वचनात येशू बसतो तो पेगेजवळ, म्हणजे झऱ्याजवळ. अकराव्या आणि बाराव्या वचनांत बाई बोलते तेव्हा मात्र शब्द येतो फ्रेआर, म्हणजे खणलेली विहीर. ती खोल आहे असं ती सांगते, बापजाद्या याकोबाने ती आम्हाला दिली असंही सांगते. चौदाव्या वचनात येशू पुन्हा पेगे म्हणतो. 1611च्या किंग जेम्स भाषांतरात तिन्ही ठिकाणी विहिरीचाच शब्द आहे. 1952च्या रिवाइज्ड स्टँडर्ड व्हर्शनने चौदाव्या वचनात झरा केला, सहाव्यात विहीरच ठेवली. नुसतं इंग्रजी वाचणाऱ्याला हा बदल ऐकू येत नाही. बाई पूर्वजाने खणलेल्या खड्ड्याबद्दल बोलते आहे, येशू त्याच्या तळाशी जे फुटतं त्याबद्दल. योहानाने हे मुद्दाम केलं असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही, पण शब्द वेगळे आहेत एवढं वहीत यायलाच हवं. शिवाय चौदाव्या वचनातलं पाणी जे करतं त्याला ग्रीकमध्ये उडी मारण्याचं क्रियापद आहे. प्रेषितांच्या कृत्यांत बरा झालेला पांगळा माणूस उड्या मारतो, तिथेही तेच आहे.

आणि मग ते ‘जिवंत पाणी’. इंग्रजीत हे शब्द वाचले की काहीतरी गूढ, स्वर्गीय वाटू लागतं. हिब्रूत मयिम हय्यिम हा शेतकऱ्याच्या बोलण्यातला प्रयोग आहे: साठवलेलं नव्हे, वाहतं, झऱ्याचं पाणी. उत्पत्तीच्या सव्विसाव्या अध्यायात इसहाकाचे चाकर खोऱ्यात खणतात तेव्हा त्यांना असंच पाणी लागतं. यिर्मयाच्या दुसऱ्या अध्यायात जिवंत पाण्याचा झरा सोडून फुटकी टाकी खोदणाऱ्या लोकांवर देव संतापतो. बाई गोंधळते ती याच साध्या अर्थामुळे. पोहरा नाही, विहीर खोल, मग हा वाहतं पाणी आणणार कुठून? आमच्याकडे विहीर खणताना आजही विचारतात, झरा जिवंत आहे का? वर्गातल्या एका मावशींनी हे ऐकलं आणि त्या म्हणाल्या, मग तिचं काय चुकलं, मीसुद्धा हेच विचारलं असतं. तो अध्याय मला त्या दिवशी जितका जवळ आला तितका कुठल्याही टीकाग्रंथातून आला नव्हता.

मराठीचं ग्रीकशी आणखी एका बाबतीत चांगलं जमतं. ग्रीक कथनकार एका मुख्य क्रियापदाआधी धातुसाधितं ओळीने लावतो. मार्कच्या पहिल्या अध्यायात येशू पहाटे एकांतात जातो त्या वाक्यातलं ‘उठून’ हे असंच धातुसाधित आहे. इंग्रजीला बहुधा अशा प्रत्येक धातुसाधिताचं स्वतंत्र क्रियापद करून मध्ये ‘आणि’ घालावा लागतो. आपलं ऊन-प्रत्ययान्त रूप ग्रीकच्या शेजारी जसंच्या तसं बसतं. मत्तयाच्या शेवटच्या आज्ञेत ‘जाणं’ हे धातुसाधित आहे आणि ‘शिष्य करा’ ही आज्ञा. यावरून काही उपदेशक सांगतात की जाण्याची आज्ञा मुळात नाहीच. मराठी माणसाला हे पटू नये. आई मुलाला ‘दुकानात जाऊन मीठ आण’ म्हणते तेव्हा जाणं ऐच्छिक नसतं. ग्रीकमध्येही ते तसंच चालतं.

पण मराठी जिथे हट्ट धरते ती ठिकाणं मला जास्त महत्त्वाची वाटतात. मार्कच्या चौथ्या अध्यायात वादळात होडी भरते आहे, येशू मागच्या बाजूला उशीवर झोपला आहे, आणि शिष्य त्याला उठवून विचारतात की बुडायची वेळ आली तरी तुम्हाला काहीच कसं वाटत नाही. ग्रीक क्रियापद अपोल्लुमेथा. प्रथमपुरुष, बहुवचन. बुडणार कोण, आम्ही की आपण? ग्रीकला हा प्रश्न पडत नाही, हिब्रूला पडत नाही, इंग्रजीलाही नाही. मराठीला पडतो आणि उत्तर दिल्याशिवाय वाक्य पुढे सरकत नाही. ‘आम्ही’ लिहिलं तर शिष्यांनी गुरूला स्वतःच्या संकटाबाहेर ठेवलं: तो बुडणार नाही हे त्यांना कुठेतरी माहीत आहे आणि म्हणूनच ते रागावले आहेत. ‘आपण’ लिहिलं तर तो त्यांच्यासारखाच एका फळीवरचा माणूस ठरतो. दोन्ही अर्थांत मोठा फरक आहे. त्यातला कुठलाही ग्रीक शब्दात लिहिलेला नाही.

वर्गात यावर दोन तट पडले. शेजारच्या अर्नाळ्याला ज्यांचं जाणं-येणं आहे, कोळ्यांच्या होड्या ज्यांनी पाहिल्या आहेत, ते म्हणाले की वादळात होडीवरचा माणूस ‘आपण’च म्हणेल, होडी एक, मरण एक. एक निवृत्त शिक्षक ‘आम्ही’वर ठाम राहिले. तक्रार करताना माणूस ज्याच्याकडे तक्रार करतो त्याला धरून बोलत नाही, हा त्यांचा मुद्दा. मला त्यांचं म्हणणं जास्त पटतं. तरी वहीत मी दोन्ही रूपं लिहिली आणि मध्ये तिरकी रेघ मारली. छापील बायबलमध्ये अशी रेघ मारता येत नाही, तिथे भाषांतरकाराला एक बाजू घ्यावीच लागते. ती त्याने घेतली आहे हे वाचकाला कळावं म्हणूनच आपण मुळाकडे जायचं.

हे काम आपल्याकडे आजचं नाही, आणि त्यात सगळ्याच वाटा इंग्रजीवरून गेलेल्या नाहीत. जॉन विल्सन यांनी 1832 मध्ये हिब्रूचं व्याकरण मराठीत लिहिलं, ते मुख्यतः कोकणातल्या बेने इस्रायल ज्यूंसाठी. 1846 मध्ये मुंबईत वल्हांडणाच्या विधीचं पुस्तक, हग्गादा, हिब्रूसोबत मराठी भाषांतरासह छापलं गेलं. पुढे जोसेफ इझिकेल राजपूरकरांनी हिब्रू प्रार्थनाग्रंथ मराठीत आणले. ज्यांची घरची भाषा मराठी आणि प्रार्थनेची हिब्रू, अशी माणसं या किनाऱ्यावर होती. ख्रिस्ती अभ्यासकांनी त्यांच्याकडे पुरेसं पाहिलं नाही असं मला वाटतं. स्तोत्रसंहिता शिकताना राजपूरकरांची पुस्तकं आपल्या हाताशी असायला हवी होती.

पंडिता रमाबाईंबद्दल लिहिताना मात्र मला आवरतं घेता येत नाही. पुराणं मुखोद्गत असलेली, कलकत्त्याच्या पंडितांनी जिला ‘सरस्वती’ म्हणून गौरवलं ती बाई उतारवयात हिब्रू आणि ग्रीक शिकते, केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये छापखाना चालवते, आश्रमातल्या बायका खिळे जुळवतात, आणि अख्खं बायबल ती मूळ भाषांतून मराठीत आणते. संस्कृत तिच्या हातचं होतं, तरी तिने भाषा साधी ठेवली, कारण वाचणारी बाई तिच्या डोळ्यांसमोर होती. 5 एप्रिल 1922 ला त्या गेल्या, तोवर काम हातावेगळं झालं होतं. ग्रंथ 1924 मध्ये बाहेर आला. एकटीने केलेल्या कामाच्या मर्यादा त्यात आहेत. पण एखाद्या हिब्रू वाक्यापाशी अडलो की मी रमाबाईंनी काय केलं ते पाहतो. तिथे इंग्रजीचा वास क्वचित येतो.

आणि आमच्या अगदी जवळचे, शेजारच्या नंदाखालचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो. त्यांच्या ‘सुबोध बायबल’ला साहित्य अकादमीचा अनुवाद पुरस्कार मिळाला. जानेवारी 2020 मध्ये उस्मानाबादच्या 93व्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. 25 जुलै 2024 ला ते गेले. त्यांची वाट माझ्याहून वेगळी होती. चर्चची पायरी कधी न चढलेल्या मराठी वाचकाच्या हातात बायबल द्यावं आणि त्याने ते न अडखळता वाचावं, ही त्यांची तळमळ. माझा वर्ग त्यांचं पुस्तक उघडूनच सुरू होतो. आधी वाक्य कळावं लागतं, मग ते उसवता येतं.

उसवण्याची हत्यारं आता प्रत्येकाच्या फोनवर आहेत, आणि तिथे मला काळजी वाटते. स्ट्राँगची शब्दसूची 1890 ची. ती किंग जेम्स भाषांतरातल्या प्रत्येक शब्दाला मूळ शब्दाचा क्रमांक देते. फार उपयोगी वस्तू. पण क्रमांकाखाली जी यादी असते ती बरीचशी त्या एका भाषांतराने कुठे काय लिहिलं याची आहे. त्यातला मनाला भावेल तो अर्थ उचलून ‘मुळात असं आहे’ म्हणणं म्हणजे किंग जेम्सलाच हिब्रूचा अंगरखा चढवणं. शब्दाचा अर्थ त्याच्या आजूबाजूच्या वाक्यात असतो, क्रमांकात नसतो.

योहानाच्या एकविसाव्या अध्यायावर तर या सवयीने फार अन्याय केला आहे. किनाऱ्यावर न्याहारीनंतर येशू पेत्राला तीनदा विचारतो, तुझं माझ्यावर प्रेम आहे का. पहिल्या दोन वेळी अगापाओ, तिसऱ्यांदा फिलेओ. त्यावरून दैवी प्रेम आणि मानवी प्रेम असे मजले उभारले जातात. पण हाच योहान पिता पुत्रावर प्रेम करतो हे तिसऱ्या अध्यायात अगापाओने सांगतो आणि पाचव्या अध्यायात फिलेओने. त्याच किनाऱ्यावरच्या संवादात मेंढरांसाठी आणि राखण्यासाठीही तो शब्द बदलत जातो. वहीत मी दोन्ही क्रियापदं नोंदवतो आणि मराठीत दोन्हीकडे ‘प्रेम’च लिहितो. विहिरीच्या वेळी फरक दाखवायचा आणि इथे नाही, हे कसं, असं वर्गात विचारतात. विचारायलाच हवं. झरा आणि विहीर या डोळ्यांनी वेगळ्या दिसणाऱ्या वस्तू आहेत. या दोन क्रियापदांना योहान स्वतःच वेगळं ठेवत नाही.

एका ठिकाणी चौथा रकाना मी रिकामा ठेवला आहे. प्रभूच्या प्रार्थनेत भाकरीला जे विशेषण आहे, एपिऊसिओस, ते मत्तय आणि लूक यांच्याबाहेर जवळपास सापडतच नाही. आजची, उद्याची, जगण्यापुरती, सगळे तर्क झाले आहेत. संत जेरोमने लॅटिनमध्ये हा एकच शब्द मत्तयात एका तऱ्हेने आणि लूकमध्ये दुसऱ्या तऱ्हेने लावला. प्रार्थनेत आपण ‘रोजची’ म्हणतो, म्हणावंच. अभ्यासाच्या वहीत मात्र तिथे शब्द नाही, फक्त हे सगळे तर्क बारीक अक्षरात आहेत.

येत्या पावसाळ्यात रूथचं पुस्तक घ्यायचं ठरलं आहे. चार अध्याय, पंच्याऐंशी वचनं, शेतीच्या हंगामात घडणारी गोष्ट, त्यामुळे वर्गाला ते आवडेल. हिब्रूत ‘तू’ला लिंग आहे, आदर नाही. पहिल्याच अध्यायात नामी आपल्या सुनांना निरोप देते तेव्हा तिच्या तोंडी बायकांसाठी पुल्लिंगी रूपं येतात आणि अभ्यासक त्यावर अजून वाद घालतात. आमचा वाद त्यापुढच्या वचनांवर होणार हे मला आत्ताच दिसतं आहे. रूथ सासूला सोडून जायला नकार देते, तिथे ती सासूला ‘तू’ म्हणते की ‘तुम्ही’? सासूला ‘अहो आई’ म्हणत आयुष्य काढलेल्या बायका वर्गात आहेत, आणि ‘आई, तू’ म्हणणाऱ्या त्यांच्या सुनाही आहेत. त्यांनी आपापल्या वहीत आधी स्वतः लिहून आणावं, असं मी सांगितलं आहे.