एकादशीच्या ताटात किती देश

माउलींची पालखी नीरा ओलांडून सातारा जिल्ह्यात येते, लोणंद, तरडगाव, फलटण असे मुक्काम करत पुढे सरकते, आणि घराघरांना आषाढी एकादशीचे वेध लागतात. साताऱ्यात काय नि सांगलीत काय, त्या दिवशीचे ताट ठरलेले असते. साबुदाण्याची खिचडी, भगर आणि तिच्यावर दाण्याची आमटी, हिरवी मिरची घालून परतलेली बटाट्याची भाजी, गुळातले रताळ्याचे काप, शेवटी राजगिऱ्याचा लाडू. हे ताट आपल्या इतके अंगवळणी पडले आहे की त्यात काही बाहेरचे असेल ही शंकासुद्धा येत नाही. पण १२९० मध्ये ज्ञानेश्वरी सांगून झाली तेव्हा यातला शेंगदाणा, बटाटा, रताळे, मिरची आणि ज्यापासून साबुदाणा होतो तो कंद, यांपैकी काहीही या देशात नव्हते. ते सारे अमेरिका खंडातले. १४९८ मध्ये पोर्तुगीज कालिकतला पोचले, त्यानंतर समुद्रमार्गे हळूहळू इकडे आले. ताटातली भगर तेवढी जुनी. जगातल्या संस्कृती स्वयंपाकातून समजून घ्यायच्या म्हटले की आपल्याला परदेशी हॉटेले आठवतात, परदेशी पदार्थांचे व्हिडिओ आठवतात. मला वाटते, आपल्या भागातल्या माणसाने सुरुवात या ताटापासून करावी. बी प्रवास करते, पण ते शिजवण्याची अक्कल बहुतेक वेळा मूळ गावीच राहते. नव्या मुलखातली माणसे ती उणीव आपल्या रीतीने भरून काढतात, आणि त्या भरून काढण्यातच त्यांची संस्कृती दिसते.

उपासाच्याच ताटात हे पाहुणे एवढ्या संख्येने का शिरले, याचे कारण उपासाच्या नियमात शोधावे लागते. एकादशीला धान्य वर्ज्य, डाळी वर्ज्य. कंद, मुळे, फळे, दूध चालते. जोंधळा, गहू, तांदूळ, तूर, हरभरा ही सगळी नावे वर्ज्याच्या यादीत आधीपासून होती. नव्याने आलेला बटाटा कंदात बसला, रताळेही कंदात बसले, शेंगदाणा डाळीच्या कुळातला असूनही तेलबी म्हणून सुटला. मग मका का सुटला नाही, असे कोणी विचारील. तोही अमेरिकेचाच. पण तो दळला जातो, त्याची भाकरी होते, म्हणून आपल्या गृहिणींनी त्याला जोंधळ्याच्या ओळीत बसवले आणि उपासाला दूर ठेवले. म्हणजे परका की आपला, हा प्रश्न त्यांनी विचारलाच नाही. खाणे कोणत्या जातीचे आहे, एवढेच पाहिले. याचा खरा पुरावा हळद देते. सांगली ही हळदीची पेठ. कृष्णा-वारणेच्या संगमावरच्या हरिपुरात जमिनीखालच्या पेवांत हळद साठवली जाई, आणि सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. ही हळद याच देशाची, लग्नात अंगाला लागणारी, कुंकवाशेजारी मान मिळवणारी. तरीही सांगलीच्या घरात उपासाच्या खिचडीत ती पडत नाही, आणि ब्राझीलचा कंद व दक्षिण अमेरिकेचा शेंगदाणा मात्र खुशाल पडतो.

बटाट्याची गोष्ट तर आपल्या डोंगरातच घडली. १८२९ मध्ये साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांशी करार करून इंग्रजांनी महाबळेश्वरची जागा घेतली आणि सर जॉन माल्कमच्या नावाने तिथे पेठ वसवली. पुढे तिथे एक तुरुंग बांधला. त्यात सामुद्रधुनीच्या वसाहतींतून, म्हणजे पेनांग, मलाक्का, सिंगापूर या बाजूने पाठवलेले चिनी आणि मलायी कैदी ठेवले जात. १८६४ मध्ये तो बंद होईपर्यंत या माणसांनी महाबळेश्वरचे रस्ते केले, वेताचे विणकाम केले आणि भाजीचे मळे पिकवले. तिथे बटाटा आणि विलायती भाज्यांची लागवड रुजली त्यात त्यांच्या हातांचा वाटा मोठा होता. त्यांचे काय गुन्हे होते, घरी कोण होते, यातले फार थोडे उरले. अँडीज पर्वतातला कंद, इंग्रजांची हौस, चिनी कैद्याची मेहनत आणि वाईच्या बाजारातून साताऱ्याच्या घरात आलेली पाटी. त्या पाटीतला बटाटा उकडून, सोलून, जिऱ्या-मिरचीवर परतून विठ्ठलाच्या नावाने खाल्ला गेला. या साखळीतल्या कोणालाच शेजारच्या कडीची पुरती कल्पना नव्हती. संस्कृतींची देवाणघेवाण म्हणताना आपण दोन प्रतिष्ठित पाहुण्यांचे हस्तांदोलन डोळ्यांपुढे आणतो. महाबळेश्वरात ती बेड्यांमधून झाली, आणि हे सांगितल्याशिवाय त्या बटाट्याचे गुणगान करणे मला तरी जमत नाही.

पण सगळ्यांत जास्त विचार करायला लावतो तो राजगिरा, तोही अमेरिका खंडातलाच. दाणा मोहरीहून बारीक. लोखंडी कढई चांगली तापवायची, त्यात एका वेळी चमचाभरच टाकायचा आणि फडक्याच्या पुरचुंडीने भराभर फिरवायचा. दोन-चार क्षणांत तो पांढरा होऊन फुलतो. जरा उशीर झाला की करपतो. फुललेला चाळून न फुटलेले दाणे खाली काढायचे, गुळाचा गोळीबंद पाक करायचा, त्यात लाह्या ओतायच्या आणि तळहाताला पाणी लावून चटके सोशीत लाडू वळायचे, कारण पाक थंड झाला की लाडू बसत नाही. आता मेक्सिको शहराच्या दक्षिणेला तुल्येहुआल्को नावाची वस्ती आहे, तिथे चला. तिथल्या बायकाही राजगिरा तापल्या तव्यावर फुलवतात, पाकात घालतात, थापून वड्या पाडतात. त्या मिठाईला तिथे ‘आलेग्रिया’ म्हणतात. स्पॅनिश लोक येण्यापूर्वी तिथल्या अॅझ्टेक लोकांत राजगिऱ्याचे पीठ मळून त्याच्या देवमूर्ती घडवत, उत्सव झाला की मूर्तीचे तुकडे करून प्रसाद म्हणून वाटत. १५२१ मध्ये अॅझ्टेकांची राजधानी पडली. मिशनऱ्यांना तो प्रसाद आपल्या धर्मातल्या प्रसादाची विटंबना वाटला, आणि राजगिऱ्याची ती पूजा दडपली गेली. पीकही मागे पडले. म्हणजे ज्या दाण्याला मूळ गावी देवाच्या नावावरून हद्दपार व्हावे लागले, त्याला आपल्याकडे देवाच्या नावानेच जागा मिळाली. दोन्ही ठिकाणी तो देवाधर्माचा ठरला. याला मी गूढ योगायोग म्हणणार नाही. दाणा गवताच्या कुळातला नाही, भाकरीला एकटा धरत नाही, पण फुलवला की ओंजळभर दाण्यांचे सूप भरते. असा दाणा दोन्हीकडे सणावाराकडे वळला तर त्याचे कारण त्याच्या अंगच्या गुणात आहे.

त्या लाडवातला पाकही पाहायला हवा. मेक्सिकोत आलेग्रियासाठी मध किंवा ‘पिलोनसियो’ घेतात. पिलोनसियो म्हणजे उसाच्या रसाची शंकूच्या आकाराची ढेप, आपल्या गुळाचीच बहीण. ऊस तिकडचा नव्हे. तो न्यू गिनीच्या बाजूला माणसाळला. त्याचा रस आटवून गोडी साठवण्याची विद्या भारतात फार जुनी. १४९३ च्या दुसऱ्या सफरीत कोलंबसाने ऊस अटलांटिकपार नेला. तिथे या उसापायी आफ्रिकेतल्या माणसांना गुलाम करून राबवले गेले, हेही त्याच इतिहासात आहे. आता दोन्ही मिठाया शेजारी ठेवल्या तर काय दिसते? कराडच्या गुळात वळलेल्या लाडवात दाणा त्यांच्या खंडातून आलेला, तुल्येहुआल्कोच्या वडीत ऊस आपल्या बाजूने गेलेला. दोघांनी एकमेकांना कधी पाहिले नाही, आणि पदार्थ मात्र एकच झाला.

शेंगदाण्याचे तसेच. माण-खटावचा दुष्काळी पट्टा बाजरीचा. बाजरी मूळची पश्चिम आफ्रिकेच्या साहेलमधली आणि जोंधळाही आफ्रिकेचाच, पण ती धान्ये चारेक हजार वर्षांपूर्वी इकडे येऊन इथल्या मातीची झाली. शेंगदाणा मात्र चारपाचशे वर्षांतला. सातारी म्हाद्या म्हणजे लसूण, मिरची आणि शेंगदाण्याच्या कुटाची पातळसर भाजी. भाकरी कुस्करून तिच्याबरोबर खातात. माली-सेनेगलमध्ये शेंगदाणा वाटून केलेला दाट रस्सा असतो, त्याला ‘माफे’ म्हणतात, तो भाताबरोबर किंवा बाजरीबरोबर खातात. शेंगदाणा पोर्तुगीजांनी दोन्हीकडे नेला, रस्सा करायला मात्र कोणी शिकवले नाही. कोरडवाहू मुलूख, दुधातुपाची चणचण, कोरडे धान्य घशाखाली उतरवण्याची गरज, या परिस्थितीनेच दोन्हीकडच्या बायकांना एका वाटेने नेले. माफेत मांस आणि टोमॅटो येतात, म्हाद्यात लसूण भारी असतो. तिथे साम्य संपते आणि दोन समाजांचे स्वभाव सुरू होतात.

यावर एक रास्त आक्षेप आहे. सगळेच बाहेरचे, तर मग ‘गावरान’ म्हणून जे जपायचे ते काय? हे म्हणजे जे टिकवण्यासाठी लोक धडपडतात त्याच्या पायाखालची जमीन काढून घेणे नव्हे काय? तसे मला वाटत नाही. तूर, हुलगा, मूग, तीळ, वांगी ही इथली जुनी मंडळी आहेतच, आणि हुलग्याचे माडगे आज कमी होत चालले आहे याची काळजी खरीच करायला हवी. पण गावरानपण केवळ जन्मस्थळावर ठरत नाही. कोरेगाव तालुक्यातला वाघ्या घेवडा घ्या. पाऊस बेताचा, जमीन हलकी, त्यात शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या बी राखले, आणि २०१६ मध्ये त्याला कोरेगावचा म्हणून भौगोलिक मानांकन मिळाले. घेवड्याची ही जात अमेरिका खंडातली. कायद्याने आज तो कोरेगावचा आहे, आणि मला ते पूर्ण न्याय्य वाटते. आपलेपण कमवावे लागते, ते त्यांनी कमावले.

दुसरा आक्षेप अधिक टोचणारा आहे. राजगिरा खाऊन मेक्सिकोचा माणूस कळत नाही, तो काय जगतो हे कळत नाही, मग हा अभ्यास वांझ नव्हे का? नुसते खाणे वांझच आहे, हे मान्य. त्याची शिक्षाही इतिहासात नोंदली आहे. मेक्सिकोचे लोक मका चुन्याच्या पाण्यात शिजवून, सालपट काढून मग दळत. त्या चुन्याने मक्यातले नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळते. युरोपने मका नेला, चुन्याची रीत नेली नाही. इटलीच्या उत्तर भागात आणि पुढे अमेरिकेच्या दक्षिणेत, जिथे गरिबांच्या ताटात मक्याशिवाय फारसे काही नव्हते, तिथे पेलाग्राने, म्हणजे नायसिन न मिळाल्याने होणाऱ्या रोगाने, कातडी सोलली, बुद्धी भ्रमली, माणसे मेली. जे लोक अडाणी मानले गेले त्यांच्या स्वयंपाकघरातली चिमूटभर समज कोणी विचारली नव्हती. म्हणून सांगलीच्या एखाद्या शाळेत किंवा घरात परदेशी पदार्थ करायचाच असेल, तर चीज ओतलेल्या मक्यापेक्षा मका चुन्यात शिजवून थापलेली तोर्तिया, म्हणजे तिकडची मक्याची भाकरी, करावी. आपल्याकडे पानाच्या डब्यात चुना असतो, आणि भाकरी थापणाऱ्या हाताला ते थापणे काही नवे नाही. पहिली तोर्तिया फाटेल, कडा जाड राहतील, आणि मक्याचे पीठ बोटाला चिकटू लागले की त्या रीतीमागे किती पिढ्यांचे डोके आहे याचा अंदाज येईल.