बुधवारचे आठ

मुंबई ते अकोला हा मेलने एका रात्रीचा रस्ता. रेडिओवरची बिनाका गीतमाला मात्र त्या रस्त्याने कधी आली नाही. ती मुंबईत मुद्रित व्हायची, तिच्या फिती विमानाने कोलंबोला जायच्या, आणि तिथून लघुलहरींवर सामुद्रधुनी ओलांडून, अख्खं दख्खन तुडवत ती आमच्या वऱ्हाडात पोचायची. वाटेत अर्धीअधिक झिजलेली. आम्हाला ती झिजलेलीच आवडायची.

उन्हाळ्यात अकोल्याला घरात कोण झोपतं? गच्चीवर पाणी मारायचं, बाजा टाकायच्या, आणि रेडिओ जिन्याच्या तोंडाशी ठेवायचा, कारण एरियलची जाळीदार पट्टी तिथवरच यायची. बुधवारी रात्री आठ वाजता काटा रेडिओ सिलोनवर. आधी खरखर, मग हेलकावे खात येणारं संगीत, मग बहिणींना आधी अन् भावांना मागून हाक मारणारा तो आवाज. "वाढव नं बाप्पा, काई आयकूच येऊन नाई रायलं," असं शेजारची गच्ची ओरडायची. त्यांचा स्वतःचा रेडिओ चालू असायचा, तरीही. टिळक रोडने सायकल मारत गेलं तर गाणं तुटायचं नाही. एका घराने सोडलेली ओळ पुढचं घर उचलायचं.

हा सोहळा घडवला कोणी? १९५२ मध्ये केंद्रीय मंत्री बाळकृष्ण केसकरांनी आकाशवाणीवरून सिनेमाची गाणी हद्दपार केली. सरकार ऐकवेना, बिनाका टूथपेस्ट विकणारे ऐकवायला तयार होते. जाहिरातदाराच्या पैशावर कार्यक्रम चालवायची ही रीत मूळची अमेरिकेची. १९२२ साली न्यूयॉर्कच्या डब्ल्यूईएएफ केंद्राने घरं विकणाऱ्यांना पैसे घेऊन माइक दिला, आणि तिथून पुढे साबणवाल्यांनी तिथल्या बायकांच्या दुपारी विकत घेतल्या. सिलोनसाठी मुंबईत कार्यक्रम करून घेणाऱ्यांतही डॅन मोलिना नावाचा एक अमेरिकन होता. म्हणजे आमचं पहिलं प्रेम जाहिरातीच्या पैशावर वाढलं. असेना का. इकडे पोस्टात रांग लावून रेडिओचं लायसन काढायचं, वर्षाला १५ रुपये भरायचे, पुस्तिकेवर तिकीट चिकटवून घ्यायचं, आणि घरी येऊन ऐकायचं काय, तर कोलंबो! वऱ्हाडी माणसाला यात काहीच विसंगत वाटलं नाही.

नागपूर केंद्र १६ जुलै १९४८ ला सुरू झालं, तेव्हा नागपूर मध्यप्रांत-वऱ्हाडची राजधानी होतं. ते आमचं घरचं केंद्र. कापसाचे भाव, पावसाचा अंदाज, बोंडअळीवर काय फवारायचं, सगळं तिथून. तरी मनात एक अढी राहिलीच. बातम्या, भाषणं, श्रुतिका शुद्ध मराठीत. आमची बोली कानावर पडायची ती बहुधा शेतकऱ्यांच्या कार्यक्रमात, धोतर नेसून बांधावर उभी असल्यासारखी. आजी त्या आवाजाला "आपला मानूस" म्हणायची आणि बातम्या लागल्या की पदर सावरून बसायची. अमरावतीत जन्मलेले सुरेश भटसुद्धा आमच्यातल्या कितीकांना आधी रेडिओवर भेटले, लताबाई-आशाबाईंच्या गळ्यातून. ते आपल्या अमरावतीचे, हे मागाहून कळलं.

फर्माइशींची गंमत वेगळी. गाणं कोणतं याला महत्त्व नव्हतंच. मूर्तिजापूर, दर्यापूर, अकोट, परतवाडा, ही नावं कुणा परक्या निवेदकाच्या तोंडून, जरा चुकीच्या उच्चारात ऐकायची होती. दहा पोस्टकार्डं टाकली की एखादं लागायचं. नाव वाचलं गेलेल्याला दुसऱ्या दिवशी चहाचे पैसे द्यावे लागायचे.

टीव्हीचं काय सांगू? ऐंशीच्या दशकात कौलांवर अँटेना उगवल्या. १९८७ च्या जानेवारीपासून रविवारी सकाळी रामायणाला ज्याच्या घरी संच त्याच्या ओसरीत चपलांचा ढीग पडू लागला. पण टीव्हीने माणसं एका घरात आणली आणि लगेच ज्याच्या त्याच्या घरी परतवलीही. संच स्वस्त झाले एवढंच कारण. देशभरातली दूरदर्शनची जुनी अॅनालॉग क्षेपणकेंद्रं २०२१ च्या सुमारास बहुतेक सगळी बंद झाली, तेव्हा कौलांवरचे ते सांगाडे भंगारवाल्याने कधीच नेले होते.

गीतमाला १९८९ ला विविध भारतीवर आली. आता ती घरच्या लहरींवर, स्वच्छ ऐकू यायची, आणि नेमकी तेव्हाच गच्च्या रिकाम्या होऊ लागल्या होत्या. नव्वदच्या दशकात तिची माळ तुटली.

२० फेब्रुवारी २०२४ ला गीतमालेच्या त्या आवाजाचे धनी, अमीन सयानी गेले. कुणाला दुपारी, कुणाला रात्री, ती बातमी ज्याच्या त्याच्या खिशात वेगवेगळी वाजली. अमरावतीत राजकमल चौकातल्या पानटपरीवर मी विषय काढला. पानवाला पंचविशीचा, त्याला नाव ठाऊक नव्हतं. मी सांगत सुटलो: कोलंबो, टूथपेस्ट, बुधवार. चुना लावता लावता तो म्हणाला, "म्हंजे, एका गान्यासाठी तुमी हप्ताभर थांबत होते, काका?"

"थांबत होतो."