शांता हुबळीकर : काही टिपणे

हुबळीहून मिरजेकडे जाणारी गाडी लोंढा सोडते, जंगलातून गुंजीला येते आणि पुढे खानापूर, बेळगाव गाठते. मीटरगेजच्या काळापासून हाच रस्ता. याच वाटेनं उत्तर कर्नाटकातले किती गळे मराठी मुलखाला मिळाले! कुंदगोळच्या सवाई गंधर्वांची मातृभाषा कन्नड, पण नाव झालं मराठी रंगभूमीवर. बिळगीच्या गोहरबाई बालगंधर्वांच्या नाटकांत उभ्या राहिल्या. याच रांगेतल्या गायिका-नटी शांता हुबळीकरांची आठवण मात्र आपण एका गाण्यावर भागवली.

*

मूळ नाव राजम्मा. जन्म १९१४ चा, हुबळीजवळच्या अदरगुंचीचा. लहानपणीच पोरकेपण आलं. पुढे कोल्हापूर आणि भालजी पेंढारकरांचे चित्रपट, मग पुण्याची प्रभात फिल्म कंपनी. पडद्यावरचं आडनाव गावाकडचंच राहिलं.

*

प्रभातचा 'माझा मुलगा' १९३८ चा. दिग्दर्शक के. नारायण काळे, नायक शाहू मोडक, संगीत केशवराव भोळ्यांचं. यातलं 'पाहू रे किती वाट' ऐकताना कुठेही घाई जाणवत नाही. ताना मारून दिपवण्याचा सोस नाही. शब्द सरळ पोचतो. मराठी घरात न जन्मलेल्या बाईनं हे साधलं, याचं मला फार मोल वाटतं.

*

'माणूस', १९३९. दिग्दर्शक व्ही. शांताराम, संगीत मास्टर कृष्णरावांचं. हिंदी आवृत्ती 'आदमी'. तिथली केसर म्हणजे मराठीतली मैना, आणि दोन्हीकडे शांताबाईच.

अनंत काणेकरांचं 'कशाला उद्याची बात' आपल्याकडे सहलीत, स्नेहसंमेलनात हौसेनं म्हटलं जातं. पडद्यावर ते म्हणते मैना, कोठ्यावरची बाई. समोर निरनिराळ्या प्रांतांची गिऱ्हाइकं. कडव्याकडव्याला भाषा बदलते आणि ती ज्याच्या त्याच्या बोलीत त्याला रिझवते. चेहरा हसरा आणि आवाज खेळकर. पण जिला उद्या असा नाहीच, ती हे गाते आहे, हे कळलं की पोटात कालवतं. शांताबाईंनी त्यात रडवेपणाचा एकही सूर लावलेला नाही. त्यांचं मोठेपण मला तिथे दिसतं.

*

त्याच चित्रपटात बॉम्बे टॉकीजच्या गुळगुळीत प्रेमगीतांची नक्कल आहे. कोठ्यावरची दुखरी मैना आणि ही हुबेहूब थट्टा, दोन्ही एकाच नटीनं निभावली. विनोदाची ही जाण पुढे कुणी फारशी वापरलीच नाही.

*

१९४२ मध्ये विश्राम बेडेकरांचा 'पहिला पाळणा'. त्याच सुमारास गुब्बी वीरण्णांच्या कन्नड 'जीवन नाटक'मध्येही त्या होत्या. मराठी, हिंदी, कन्नड: तिन्ही पडद्यांवर त्या वावरल्या. मात्र मैनेच्या तोडीची भूमिका पुन्हा मिळाली नाही. नटी कमी पडली असं मला वाटत नाही. तेव्हाच्या निर्मात्यांना तशी बाई पुन्हा लिहिण्याची छाती झाली नाही.

*

आमच्या खानापूर तालुक्यात घरात मराठी आणि कचेरीत कन्नड. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेनंतर भाषेचा विषय निघाला की माणसं चटकन तापतात, आणि त्यामागची दुखणी खरी आहेत. तरीही हुबळीच्या राजम्मानं मराठी सिनेमाला त्याची एक अजोड नायिका दिली, हेही तेवढंच खरं. दोन्ही भाषांच्या शाळांत तिचं नाव सांगायला हवं.

*

उतारवयात त्यांना वृद्धाश्रमात राहावं लागलं. आत्मचरित्राला त्यांनी 'कशाला उद्याची बात' हेच नाव दिलं. १९९२ मध्ये त्या गेल्या.

*

'माणूस' गाण्यापुरता पाहू नका. मैना तुरुंगातून सुटायला नकार देते, तो प्रसंग येईपर्यंत जागचे उठू नका, आणि मग 'माझा मुलगा'मधलं 'पाहू रे किती वाट' शोधून ऐका.