दार उघडणारी माणसं

'लॅसी कम होम' हा १९४३चा चित्रपट पाहिलेल्या कुणालाही विचारा, तो लॅसीच्या इमानाबद्दल बोलेल. बरोबरच आहे. दूर स्कॉटलंडहून निघालेली ही कोली जातीची कुत्री नद्या पोहून, मार खाऊन, लंगडत लंगडत यॉर्कशरला आपल्या छोट्या मालकाकडे, जोकडे येते. रोज चार वाजता शाळेच्या दाराशी त्याची वाट पाहायची, हा तिचा नेम. एका श्रीमंत ड्यूकने तिला विकत घेतलं, शेकडो मैल दूर नेलं, तरी नेम तिच्या अंगात तसाच राहिला.

मला मात्र या चित्रपटात इमानाइतकीच मोलाची वाटतात, ती वाटेवरची माणसं. लॅसी त्यांच्या हाती आयती लागली होती आणि त्यांनी तिला जाऊ दिलं.

एका वादळी रात्री डॅन आणि डॅली हे म्हातारा-म्हातारी तिला घरात घेतात. ती अर्धमेली झालेली. डॅली तिची शुश्रूषा करते, हळूहळू तिच्यात गुंतते. दोघांच्याच त्या घराला कितीतरी दिवसांनी सोबत मिळालेली. पण लॅसी जरा सावरली, की दुपार कलताना बेचैन व्हायला लागते. दाराशी जाते, परत येते, पुन्हा जाते. हिला कुठंतरी जायचंय, आपण वाटेतला मुक्काम आहोत, हे आधी डॅलीला उमगतं. आणि मग, जिला ठेवून घ्यायची सर्वांत जास्त ओढ, तीच दार उघडते. डॅली झालेली डेम मे व्हिटी या प्रसंगात रडारड करत नाही. समोरचा डॅन म्हणजे बेन वेब्स्टर, तिचा खऱ्या आयुष्यातला नवरा. १८९२ साली लग्न झालेलं हे जोडपं. न बोलता एकमेकांचं कळणं त्यांच्या नजरेत दिसतं, ते उगीच नव्हे.

त्याआधी ड्यूकची नात प्रिसिला. लहानगी एलिझाबेथ टेलर. लॅसी सुसाट पळत येतेय, फाटक लाव म्हणून ओरडा चाललाय, आणि ही पोर ते सताड उघडते. पुढे भांडीकुंडी विकत हिंडणारा रोली भेटतो. दरोडेखोरांच्या हल्ल्यात त्याची स्वतःची छोटी कुत्री मारली जाते. एकटा पडलेल्या या माणसाला लॅसी हवीच असणार, तरीही वाटा फुटतात तिथं तो तिला तिच्या वाटेनं जाऊ देतो. शेवटी खुद्द ड्यूक. समोर आपलीच कुत्री उभी असताना ही माझी नव्हे म्हणतो, आणि जोच्या बेकार बापाला कामही देतो.

लॅसीला विकणाऱ्या जोच्या आईबापांनाही चित्रपट दोष देत नाही, हे मला फार आवडतं. ओढगस्तीच्या दिवसांत घरात विकण्याजोगं तेवढंच उरलं होतं. एल्सा लँचेस्टरने साकारलेली आई पोरावर डाफरते; तिचा जीव तुटतोय हे त्या डाफरण्यातच कळतं.

जो झालेला रॉडी मॅकडॉवल १९४०मध्ये लंडनवरच्या बॉम्बफेकीमुळे अमेरिकेत आलेला मुलगा. घर दुरावणं म्हणजे काय, हे त्याला ठाऊक होतं. मूळ कादंबरीचा लेखक एरिक नाइट हाही यॉर्कशरचाच, लहानपणीच अमेरिकेला गेलेला. जानेवारी १९४३मध्ये विमान अपघातात तो गेला, चित्रपट लोकांसमोर येण्याआधीच. घराची ओढ या पडद्यावर इतकी खरी उतरली, त्यात या दोघांचा वाटा मला मोठा वाटतो.

मुलांना हा चित्रपट जरूर दाखवा. लॅसी घरी पोचते तेव्हा ती आपोआप टाळ्या वाजवतील. डॅली दार उघडते तिथं मात्र क्षणभर थांबवा आणि विचारा, तिच्या जागी तू असतास तर काय केलं असतंस?